ऐंशी पाय

माझे बाबा माणूस ओळखायचे ते पायावरून. चेहरे त्यांच्या लक्षात राहत नसत. लग्नकार्यात कोणी समोर येऊन नमस्कार केला की ते आधी खाली बघायचे आणि मग म्हणायचे, "अरे, सात नंबर, डावा जरा मोठा. ओळखलं की." पंचवीस वर्षं त्यांनी लालबागेतल्या एका चपलांच्या दुकानात गिऱ्हाइकांच्या पायाशी बसून काढली होती. दुकान बंद झालं तेव्हा मालकाने विचारलं, आठवण म्हणून काय नेता? बाबांनी माप घ्यायचा स्टूल मागितला. एका बाजूला बसायला जागा, दुसऱ्या बाजूला गिऱ्हाइकाने पाय टेकायला उतरती फळी, आणि त्या फळीवर हजारो टाचांनी गुळगुळीत केलेलं रबर. तो स्टूल घेऊन आम्ही भाईंदर पश्चिमेला, मोरव्याच्या अलीकडे, तळमजल्यावरच्या दोन खोल्यांत राहायला आलो. सामान उतरवताना आईने तो जिन्याखाली ठेवायला सांगितलं. बाबांनी तो देवघराशेजारी ठेवला.

त्या घरात सकाळ व्हायची ती उत्तनहून येणाऱ्या पहिल्या बसच्या खडखडाटाने, आणि तिच्यामागोमाग फिलूबाईंच्या हाकेने. फिलूबाई म्हणजे फिलोमिना. उत्तनच्या कोळीण, वय तेव्हा पंचेचाळिशीचं, टोपली डोक्यावर आणि पाय अनवाणी. आमच्या इमारतीच्या पायरीवर त्या पहिल्यांदा टेकल्या तेव्हा बाबा दारात पेपर वाचत होते. त्यांनी पेपरच्या खालून बघितलं आणि म्हणाले, "सहा नंबर. पण पंजा आठचा." फिलूबाईंनी टोपलीवरचा हात तसाच ठेवून मान वर केली. "लालबागचे भाऊ तू? माज्या मेरीच्या लग्नाला चपला तूच दिल्यास ना?" फिलूबाईंच्या मापाची चप्पल दुकानात नव्हती म्हणून बाबांनी कारागिराकडे बसून ती करून घेतली होती, हे दोघांनाही आठवत होतं. "हायेत अजून," त्या म्हणाल्या. "ऐतवारी देवलात जाताना घालते. देवलातून आले का काढून ठेवते." बाबांना एवढा आनंद झाला की त्यांनी आईला न विचारता अख्खा हलवा मासा घेतला. उत्तनला लहानमोठ्या सगळ्यांनाच तू म्हणतात. आईला ते बरेच दिवस खटकलं, पण हलवा ताजा होता.

टर्कीची कल्पना फिलूबाईंची. त्यांच्या गावात नाताळला टर्की करणारी बरीच घरं होती आणि दरवर्षी ते कुठूनकुठून मागवावे लागत. "येतात ते प्रवासानं अर्धे मेलेले," त्या म्हणाल्या. "इथंच कोनी पालले तर सगली माजा शब्द घेतील." माज्या वाडीत जागा हाय, गिऱ्हाईक मी बघते, पक्षी तू बघ, असं ठरलं. बाबांनी जेवताना हे जाहीर केलं.

"टर्की म्हणजे तो देश ना?" आई म्हणाली. "जाऊन येणार, की तिथेच राहणार?"

"पक्षी असतो. मोठा. कोंबड्याच्या पाचपट."

"पंचवीस वर्षं माणसांचे पाय धरलेत. आता पाखरांचे धरा."

आई हे भाकरी थापता थापता सहज बोलली. पुढे काय होणार आहे याची तिला कल्पना असणं शक्य नव्हतं, तरी बाबा वर्षानुवर्षं म्हणत राहिले की दृष्ट आईचीच लागली. मला माहीत आहे की लागली ती दृष्ट नव्हती. ते सांगण्यासाठीच हे प्रकरण लिहितोय, आणि लिहिताना तिसऱ्यांदा चहा करून घेतलाय, कारण अजूनही पुढच्या परिच्छेदाकडे हात वळत नाही.

चाळीस पिल्लं आली. फिलूबाईंच्या वाडीत, विहिरीच्या पलीकडे, माडाच्या झावळ्यांचं छप्पर घालून बाबांनी शेड बांधली. खाली भाताच्या तुसाचा वीतभर थर. याला गादी म्हणतात. पक्षी त्याच्यावरच चालतात, बसतात, घाण करतात आणि तूस ते सगळं शोषून घेतं. अट एकच, गादी कोरडी राहिली पाहिजे. म्हणून ती रोज दाताळ्याने खालची वर, वरची खाली पालटायची. पावसाळ्यात दिवसातून दोनदा. सकाळची पाळी बाबांची, ती वरवरची; तळापासून पालटायची ती दुपारची माझी. मी तेव्हा बी.एस्सी.च्या पहिल्या वर्षाला होतो, म्हणजे घरातला शास्त्रज्ञ होतो. बाबा शेजाऱ्यांना सांगत, "पायांचं मी बघतो, बाकी विज्ञान सुधीर बघतो."

पिल्लं बघता बघता वाढली. टर्कीचा आवाज ज्याने ऐकला नाही त्याला सांगणं कठीण आहे. बाटली उपडी केल्यावर पाणी जसं घुडघुडत पडतं तसा तो आवाज, पण चाळीस बाटल्या एकदम. आणि ते कशालाही उत्तर देत. बसच्या हॉर्नला, कोणी खोकलं तर त्याला, विशेषतः देवळाच्या घंटेला. फिलूबाई चर्चला देऊळच म्हणत, मीही तसंच म्हणतो. संध्याकाळची घंटा झाली की फिलूबाई छातीवर क्रूस करून प्रार्थना म्हणायला लागायच्या आणि वाडीतून चाळीस गळे एकदम साथ द्यायचे. "माज्यापेक्षा भाविक हायेत," त्या म्हणायच्या. बाबांना शिंका येत त्या एकदम तीन-तीन. प्रत्येक शिंकेला शेडमधून प्रतिसाद यायचा आणि बाबा प्रत्येक वेळी "आभारी आहे" म्हणायचे. पक्ष्यांना त्यांनी नावं दिली नाहीत, नंबर दिले, आणि तेही पायाच्या मापाने. सगळ्यांत मोठा नर नऊ नंबर. पाच नंबरचे सात जण होते. त्यांच्यात बाबा कसा फरक करत ते त्यांनाच ठाऊक.

आता माझा गुन्हा.

श्रावणात पाऊस असा लागला की तूस पालटून संपत नसे. दाताळं जड, शेडमध्ये वाकून उभं राहायचं, पाठीत उसण, आणि नऊ नंबर मागून पोटरीला चोच मारायचा. मला हे काम नको होतं, हे सरळ सांगतो. कॉलेजातून परस्पर उत्तनची बस पकडायची, एक तास दाताळं मारायचं, अंगाला वास घेऊन त्याच बसने परत यायचं, आणि बसमध्ये शेजारची सीट कायम रिकामी. अशात एका दुपारी फिलूबाई पडवीत मासे खारवत बसल्या होत्या. मातीच्या भांड्यात एक थर माशांचा, एक थर जाड्या मिठाचा. मी विचारलं, हे किती दिवस टिकतं? "गणपती जाऊन नवी बोट निघंपर्यंत," त्या म्हणाल्या. मिठाने माशातलं पाणी ओढून घेतलं होतं, मासा घट्ट आणि कोरडा झाला होता. त्याच आठवड्यात आमच्या सरांनी वर्गात मीठ हवेतली ओल कशी खेचतं ते सांगितलं होतं. उत्तनची पडवी आणि कॉलेजची प्रयोगशाळा माझ्या डोक्यात एकत्र आली आणि मला वाटलं, असं आजवर कोणाला कसं सुचलं नाही. मीठ पाणी ओढून घेतं हे मला माहीत होतं. ओढलेलं पाणी ते ठेवतं कुठे, हा प्रश्न मला पडला नाही.

भाईंदरला तेव्हा मिठाची काय कमतरता. खाडीकाठी मिठागरं, पावसासाठी गवताने शाकारलेल्या मिठाच्या राशी. तिथल्या राखणदाराकडून दोन गोणी जाडं मीठ मिळवलं, बसच्या टपावर चढवलं, आणि एका रविवारी फिलूबाई चपला घालून देवळात गेल्या असताना शेडमधलं तूस बाजूला सारून खाली पसरलं. वरून तूस पुन्हा सारखं केलं. बाबांना सांगितलं नाही. परिणाम दिसला की सांगायचं, असं ठरवलं होतं. दोन दिवस तूस खरंच कुरकुरीत वाटलं. मी दाताळं भिंतीला टेकवलं आणि त्या आठवड्यातल्या दुपारी फिलूबाईंच्या पडवीत झोप काढण्यात घालवल्या. घरी सांगितलं, आज दोनदा पालटली.

तिसऱ्या दिवसापासून समुद्रावरची सगळी ओल आमच्या शेडमध्ये मुक्कामाला आली. भर म्हणून टर्की तूस उकरून मिठाचे खडे टिपत होते, मग घटाघटा पाणी पीत होते, आणि प्यालेलं पाणी अर्थातच खाली येत होतं. आठ-दहा दिवसांत गादीचा चिखल झाला आणि शेडमध्ये शिरताच डोळ्यांतून पाणी यायला लागलं. ओल पावसाचीच असं बाबा समजत होते; पक्ष्यांचं बिनसलंय हे त्यांना पहिल्यांदा कळलं ते आवाजावरून. त्यांनी तीन शिंका दिल्या आणि एकानेही उत्तर दिलं नाही. टर्की खाली बसून होते. उठवले तर तापलेल्या वाळूवरून चालल्यासारखे एकेक पाय उचलत, तो हवेत धरून ठेवत, आणि टेकवताना डोळे मिटत. बाबांनी नऊ नंबरला उचललं, तळपाय वर केला. पंजाच्या मधोमध रुपयाएवढी काळी खपली, कडा सुजलेल्या. त्यांनी अंगठ्याने हलकेच दाबलं आणि पक्ष्याआधी बाबाच "स्स" म्हणाले.

जनावरांचे डॉक्टर स्कूटरवरून आले. त्यांचा सगळा अनुभव म्हशींचा होता, तरी त्यांनी शांतपणे सात-आठ पाय बघितले आणि मग पायांकडे पाठ करून मूठभर तूस उचललं. मूठ आवळली, उघडली. तूस लाडवासारखं तसंच राहिलं. "हे भुरभुरून पडायला हवं," ते म्हणाले. "लाडू झाला की समजा पाय गेले. ओल्या घाणीने तळवे भाजलेत यांचे. औषध मी देतो, पण खरं औषध म्हणजे कोरडी जमीन." मग त्यांनी तो लाडू फोडला आणि आतला एक पांढरा खडा बाबांसमोर धरला. "हे काय आहे?"

बाबांनी खडा घेतला, उजेडात धरला, धोतराला पुसला आणि जिभेवर ठेवला. "जाडं मीठ," ते म्हणाले. हे आईला कळल्यावर तिने त्यांचा पेला आठवडाभर वेगळा ठेवला.

माझ्या काखेत तेव्हा एक पाच नंबर होता. डॉक्टरांनी मीठ कुठून आलं असं विचारलं, आणि बाबांची मान हळूहळू पडवीकडे वळली. तिथे फिलूबाईंची खाऱ्याची भांडी ओळीने मांडलेली होती. मला त्या क्षणी बोलायला हवं होतं. एक वाक्य होतं, सात-आठ शब्दांचं. मी तोंड उघडलंही. पाच नंबरने माझ्याकडे बघितलं आणि मी ते मिटलं.

"फिलूबाई," बाबा म्हणाले, "तुमचं खारं वाळवायला, मीठ झटकायला तुम्ही शेड वापरत होतात का?"

"मी कशाला शेडमधी येऊ? माजं खारं पडवीत हाय."

"मग मीठ काय उडत आलं?"

"मना चोर म्हंतोस, भाऊ?"

"चोर नाही म्हणत. निष्काळजी म्हणतोय."

"त्यापरीस चोर म्हन," फिलूबाई म्हणाल्या, आणि आत जाऊन दार लावून घेतलं. डॉक्टरांनी स्कूटरला चार किका मारल्या. एरवी त्या आवाजाला चाळीस उत्तरं आली असती.

पुढचा महिना मी त्या दोघांमधला पोस्टमन होतो. ते चार हातांवर उभे असत आणि माझ्यामार्फत बोलत. "त्या बाईंना सांग, विहिरीचं पाणी पक्ष्यांच्या पायाला लावू का?" "त्या चपलवाल्याला सांग, विहीर देवानं सगल्यांसाठी दिलीय, निष्काळजी लोकांसाठी पन." मी इकडून तिकडे मान वळवून तेच शब्द पुन्हा म्हणत असे, जणू मधे खाडी आहे.

जुनी गादी सगळी काढली. ते काम मी एकट्याने केलं, कोणी न सांगता, आणि बाबांनी आईला सांगितलं की पोरगा सुधारला. नवं तूस आलं. पण पाय चिघळलेलेच होते आणि कोरड्या तुसाचे काटेही त्यांना टोचत. तेव्हा बाबांनी देवघराशेजारचा स्टूल उचलला आणि बसने उत्तनला आणला.

मी आयुष्यात बऱ्याच गोष्टी बघितल्या, पण तसं दुकान पुन्हा बघितलं नाही. बाबा स्टुलावर बसलेले, गळ्यात टेप. समोर पाटावर मी, मांडीवर टर्की. बाजूला लाल औषधाच्या पाण्याची परात. पाय धुवायचा, टिपायचा, मलम लावायचं, आणि उतरत्या फळीवर ठेवायचा. "बसा साहेब," बाबा म्हणायचे. "घाई नाही." मग कागदावर पंज्याची रेघ काढायचे. जुन्या हवाई चपलांचे तळ कापून, वर कापूस आणि सुती चिंधी, आणि सायकलच्या ट्यूबची पट्टी बोटांच्या मधून काढून पायाला बांधलेली. "अंगठ्याची चप्पल म्हणतो याला," बाबा म्हणाले, "पण अंगठा पडला मागे. डिझाइन बदलावं लागेल." पहिले तीन नमुने फसले. चौथा बसला. नऊ नंबरला खाली सोडलं, तो दोन पावलं चालला, थांबला, पाय झटकला, पुन्हा चालला. बाबा त्याच्यामागे वाकून चालत होते. "पुढे चालून दाखवा. चावतेय का कुठे? आरशात बघायचं?"

बाबांना मी कधी इतकं सुखी बघितलं नव्हतं आणि माझी जेवणाची वासना गेली होती. आई म्हणायची, पक्ष्यांचा वास डोक्यात बसलाय याच्या. मी बोंबलाची चटणी ताटात तशीच ठेवून उठायचो. मीठ घातलेलं काहीही घशाखाली उतरेना, आणि मिठाशिवायचं घरात काय असतं?

मग ऑक्टोबरात बातमी गावात पसरली की चपलवाल्याचे टर्की चपला घालतात. पोरं कुंपणाशी बघायला यायची. लोक फिलूबाईंना विचारायला लागले, आजारी आहेत का ग? खाऊ ना आम्ही? सगळे पक्षी त्यांच्या शब्दावर ठरलेले होते. त्यांनी मला निरोप दिला, आणि पहिल्यांदाच त्यात चिमटा नव्हता. "तुज्या बापाला सांग, येत्या ऐतवारी देवलात मना सगली इचारतील. ज्याच्या तोंडी मी निष्काळजी, त्याच्या पाखरांची हमी मी कशी देऊ? मी न्हाय देनार."

हा निरोप मी बाबांना दिला नाही. बाबा परातीत हात घालून बसले होते, चाळीस पक्ष्यांपैकी पस्तीस जण आता बऱ्यापैकी चालत होते, आणि मला कळत होतं की रविवारी हे सगळं दोन गोण्यांपायी बुडणार आहे. बाबांना सांगायची हिंमत नव्हती. फिलूबाईंना सांगायची नव्हती. तिसरं माणूस मला एकच सुचलं. शनिवारी संध्याकाळी देवळात लोक एका लाकडी कपाटाशी जाऊन फादरना आपली पापं सांगतात हे मी ऐकून होतो. रांगेत उभा राहिलो, पाळी आल्यावर गुडघे टेकले. जाळीपलीकडे कोणीतरी श्वास घेत होतं.

"मी ख्रिस्ती नाही," मी म्हणालो.

"मग इथे कसा, बाळ?"

"पाप सांगायचंय. ओळखीच्यांना सांगता येत नाही."

"बोल."

"टर्कींच्या खाली मीठ टाकलं."

"किती?"

"दोन गोणी. आणि आळ दुसऱ्यावर आला, आणि मी गप्प राहिलो."

"हे फिलूच्या वाडीतले टर्की?"

"हो."

"त्यातला एक आमचा आहे," फादर म्हणाले. मग विचारलं, "पाय कसे आहेत आता?"

"सुधारतायत. नऊ नंबरचा डावा सोडून."

"बाळ, यातून मी तुला सोडवू शकत नाही. आळ ज्यांच्यावर आला त्यांच्याकडे जा. आजच जा. आणि पुढच्या वेळी हळू बोल, या लाकडातून मागे ऐकू जातं." मी उठलो तर रांगेतले सगळे छताकडे बघत होते.

फिलूबाई पडवीत पापलेट कापत होत्या. मी उभ्या उभ्या सगळं सांगितलं. त्यांचा कोयता थांबला नाही. शेवटी त्यांनीही तेच विचारलं, किती गोणी. मग हात धुतले, उठून खाऱ्याचं एक भांडं तिरकं करून मला आत दाखवलं. तळाशी पेलाभर पाणी साठलेलं होतं. "पावसात मिठाला घाम येतो. आमच्यातल्या लहान पोराला माहीत हाय. मना इचारायचं होतंस, येड्या."

"मी आत्ता बाबांना सांगतो."

"थांब." त्या पायरीवर बसल्या. शेडमधून बाबांचा आवाज येत होता, कोणालातरी ते पाय सैल सोडा म्हणत होते. "आज सांगलास तर तो तुज्याशी भांडेल, रडेल, चार दिवस जेवनार न्हाय. ते पाय कोन बघंल? ऐंशी पाय हायेत. नाताल होईपर्यंत मी घेते माज्यावर. मग तू सांगायचं. तुज्या तोंडानं."

"सांगतो."

"न्हाय सांगलास तर दर नातालला माज्या दारात एक गोन मीठ आनून टाकायची. मिठागरावरचं जाडं. सांगशील त्या वरसी सुटलास."

त्या उठून शेडच्या दाराशी गेल्या. "भाऊ, मीठ माजंच असंल. चुकलं."

बाबा स्टुलावरून उठले. मी आजवर ऐकलेल्या क्षमांमध्ये ती सगळ्यांत लांबलचक होती. माणसाकडून होतं, असं त्यांनी सुरुवातीलाच म्हटलं, मग गादी कोरडी का ठेवावी हे फिलूबाईंना पहिल्यापासून समजावलं, मूठ आवळून दाखवली, मिठाचा गुणधर्म सांगितला आणि वर म्हणाले, "हे आमच्या सुधीरला विचारा, तो विज्ञानाचा आहे." फिलूबाईंनी सगळं ऐकून घेतलं. बघत माझ्याकडे होत्या.

रविवारी त्यांनी देवळाच्या पायऱ्यांवर सगळ्यांना सांगितलं की पाखरं निरोगी हायेत, चपला हायेत त्या शौकाच्या. नाताळच्या आठवड्यात एकोणचाळीस पक्षी आपापल्या घरी गेले, अनवाणी, स्वतःच्या पायांनी चालत टेम्पोपर्यंत. फादरांचाही गेला. आम्हाला उत्तनच्या घराघरांतून करंज्या आणि फुगे, म्हणजे तळलेले गोल पाव, आले, आईने सगळे चाखून कुठल्या घरचे हात हलके ते ठरवलं. नऊ नंबरचा डावा पाय काही सुधारला नाही. तो एका चपलेवर फिलूबाईंकडेच राहिला आणि चार वर्षं सुक्या मासळीवर मांजरांना फिरकू दिलं नाही. बाबांनी त्याची चप्पल दर सहा महिन्यांनी बदलून दिली.

नाताळ झाला. सव्वीस तारखेला सांगायचं ठरवलं, तर बाबा फारच खूश होते. मग माझी परीक्षा आली. मग बाबांना मधुमेह निघाला आणि त्यांचेच पाय जपायची वेळ आली. मग माझं लग्न, मग आई गेली, आणि आई गेल्यावर त्या घरात काहीही हलवायला नको वाटलं. कारणांना तोटा नव्हता. दर नाताळला मी उत्तनला गोणी घेऊन गेलो. पहिली काही वर्षं बसच्या टपावर, नंतर स्कूटरवर, नंतर गाडीच्या डिकीत. फिलूबाई दारातच विचारायच्या, "सांगलास?" मी गोणी खाली ठेवायचो. तेच उत्तर. मिठागरं आता निम्मी बंद पडलीत. खरं जाडं मीठ शोधायला मला नोव्हेंबरपासून फिरावं लागतं, आणि दुकानदार हिंदीत विचारतात, इतना नमक किसलिए, अंकल? मी सांगतो, व्रत आहे.

बाबा आता चौऱ्याऐंशीचे आहेत, माझ्याजवळ शांती नगरमध्ये असतात. दिसतं कमी, ऐकू चांगलं येतं. हे प्रकरण इथपर्यंत लिहून झाल्यावर गेल्या आठवड्यात मी ते त्यांना वाचून दाखवलं. तोंडी सांगायला मला अजूनही जमलं नसतं. ते त्यांच्या स्टुलावर बसून ऐकत होते. हलव्याच्या जागी "बरोबर, ताजा होता" म्हणाले, शिंकांच्या जागी दोनदा हसले. दोन गोण्यांचं वाक्य आलं तेव्हा त्यांचा हात रबराच्या फळीवर फिरत होता तो थांबला. मी वाचत राहिलो. शेवटचं पान संपलं.

"म्हणजे फिलूबाईंना मी माफ केलं," ते म्हणाले, "ते कशाबद्दल?"

मी कागदांच्या कडा जुळवल्या.

"आणि भाषण केलं. मूठ आवळून दाखवली."

"हो."

"माझे बूट आण. उत्तनला जायचंय."

गाडीत ते पुढच्या सीटवर बसले, स्टूल मांडीवर घेऊन. तो मागे ठेवू म्हटलं तर ऐकलं नाही. मोरवा गेलं, डोंगरी गेली, आणि मग ते म्हणाले, "सहा नंबर, पंजा आठचा. आता सुजलाही असेल." फिलूबाई पडवीत खुर्चीवर होत्या. गुडघे गेलेत, उठवत नाही. बाबांनी स्टूल त्यांच्या समोर ठेवला, माझ्या खांद्याला धरून हळूहळू खाली बसले, आणि गळ्यातला टेप काढला.

"भाऊ, काय करतोस?"

"पाय ठेवा वर," बाबा म्हणाले. "माझं चुकलं होतं, फिलूबाई. मापात नाही, बाकीचं."

फिलूबाईंनी पाय उतरत्या फळीवर ठेवला. बाबा चाचपत टाचेपासून बोटांपर्यंत अंगठा नेत होते आणि तोंडाने आकडे पुटपुटत होते. फिलूबाईंनी त्यांच्या डोक्यावरून माझ्याकडे बघितलं.

"सांगलास?"

"सांगितलं."

त्यांनी मागच्या खोलीकडे बोट केलं. दार अर्धं उघडं होतं आणि आत भिंतीला लागून गोण्यांची रास छपरापर्यंत गेली होती, खालच्या दगड झालेल्या, तळाशी जमिनीवर ओलीचा काळा पट्टा.

"मग जाताना हे घेऊन जा," त्या म्हणाल्या. "एवढ्या वरसांत घरात पलंग टाकायला जागा न्हाय राहिली."